ओंडके

परवा रात्री अँटॉप हिलच्या नाक्यावर चारपाच पोरं एका मोबाईलवर डोकी एकत्र करून बसली होती. मी डॉकवरून येत होतो, वडाळ्याला उतरून, चालत. अंगाला खताच्या गोणींचा वास. वाटलं क्रिकेट असेल. क्रिकेट नव्हतं, जपान्यांचं होतं. युनिट ७३१. बर्फाच्या थंडीत उघडे हात पुढे धरून उभी केलेली माणसं, टेबलाला बांधलेली माणसं, पांढऱ्या कोटातले डॉक्टर. पोरं बघत होती आणि मधूनमधून शिव्या घालत होती. ‘साले राक्षस होते राक्षस.’ मग एकाने बोट सरकवलं. पुढचा व्हिडिओ नाचाचा होता. तोही बघितला.

घरी येऊन कविता लिहायला बसलो. दोन ओळी झाल्या, फाडल्या. यावर कविता होत नाही, निदान मला जमत नाही. म्हणून हा लेख.

डोक्यात एक शब्द रुतून बसलाय. मारुता. जपानीत मारुता म्हणजे लाकडाचा गोल ओंडका. तिथल्या डॉक्टरांनी आपल्या कैद्यांना हे नाव दिलं होतं. कारण आजूबाजूच्या लोकांना थाप मारली होती की इथं लाकडाची गिरणी उभी राहतेय. गंमत म्हणून कुणीतरी बोललं असेल, गिरणी आहे तर आत काय, ओंडके. गंमतीचा शब्द झाला, शब्दाची वही झाली. आज इतके ओंडके आले, इतके संपले. कैद्याचं नाव दारातच गळून पडायचं, आत फक्त नंबर.

मला हा शब्द लगेच कळला. रे रोडला दारूखान्यात लकडी बंदर आहे. माझा आजा तिथं ओंडके ओढायचा. मी डॉकमध्ये गोणी आणि लोखंड उचलतो. सकाळी ठेकेदाराचा माणूस गेटवर येतो आणि मुकादमाला विचारतो, ‘किती डोकी आणलीस?’ माल नगावर मोजतात, आम्हाला डोक्यावर. डोकं म्हणतात खरं, पण त्या डोक्यात काय चाललंय ते कुणी विचारत नाही.

म्हणून नाक्यावरच्या पोरांशी माझं भांडण आहे. राक्षस म्हटलं की आपण सुटलो. राक्षस लांब असतो, जपानात असतो, पिक्चरात असतो. राक्षसाला वही लागत नाही. यांना लागत होती. ही सगळी शिकलेली माणसं होती, विद्यापीठातली, प्रोफेसरांचे लाडके. त्यांनी आधी यादी केली, मग सुई उचलली. माझा प्रश्न यादीचा आहे. त्या यादीत कोण जातो? आणि ही यादी फक्त जपान्यांनीच केली का?

आधी त्यांचं सांगतो, कारण व्हिडिओत अर्धंच असतं.

या पलटणीचं सरकारी नाव ऐका. क्वांटुंग सैन्याचा रोगप्रतिबंध आणि पाणी शुद्धीकरण विभाग. पाणी शुद्धीकरण! आपल्याला हा शब्द नवा नाही. १९२७ ला महाडच्या चवदार तळ्याचं पाणी बाबासाहेबांनी आणि हजारो माणसांनी ओंजळीत घेतलं, आणि नंतर गावच्या पवित्र लोकांनी १०८ घागरी आणून शेण-गोमूत्राने ते तळं ‘शुद्ध’ केलं. शुद्ध हा शब्द कानावर आला की मी आधी बघतो, कुणाच्या अंगावर येतोय.

शिरो इशी हा लष्करी डॉक्टर. क्योटोच्या विद्यापीठात शिकलेला. सैन्याला पाणी गाळायचं यंत्र त्याने काढलं होतं, ते खरंच चालायचं. १९२५ च्या जिनिव्हा करारात जंतूंचं युद्ध करायला बंदी घातली, आणि या माणसाने उलटा धडा घेतला. बंदी घातलीय म्हणजे कामाची वस्तू असणार! जपानने मांचुरिया गिळल्यावर १९३२ पासून त्याने हार्बिन शहराच्या आसपास काम सुरू केलं. मग हार्बिनजवळच्या पिंगफांगला गावं उठवून मोठी वसाहत बांधली. दीडशेच्या आसपास इमारती. त्यात शाळा होती, करमणुकीची सोय होती, आणि मधल्या चौकोनी इमारतीच्या पोटात तुरुंग होता.

त्या तुरुंगात चिनी होते, रशियन होते, कोरियन, मंगोल. काही लढणारे क्रांतिकारक, काही रस्त्यावरून उचललेले. लष्करी पोलीस त्यांना खटला न चालवता पाठवायचे. मग त्यांना प्लेग टोचायचे, कॉलरा टोचायचे, आणि रोग आत कुठवर गेला ते बघायला माणूस फाडायचे, पुष्कळदा जिवंत असताना, भूल न देता. हिसातो योशिमुरा नावाचा डॉक्टर माणसांचे हात गोठवायचा आणि किती गरम पाण्यात घातले तर मांस परत येतं ते मोजायचा. मोजमाप चोख होतं. १९४९ च्या डिसेंबरात रशियात खाबारोव्स्क शहरात या लोकांवर खटला चालला, तेव्हा त्यांच्यातल्याच एका बड्या अधिकाऱ्याने सांगितलं की निदान ३००० माणसं तिथं संपली. हा फक्त तुरुंगातला आकडा. बाहेर गावांवर जे टाकलं ते वेगळं.

बाहेर काय टाकलं? पिसवा. प्लेगच्या पिसवा, गव्हा-भातात मिसळून, विमानातून. ऑक्टोबर १९४० ला निंगबो शहरावर, नोव्हेंबर १९४१ ला चांगदेवर. लोकांना वाटलं धान्य पडतंय. मग माणसं काखेत गाठी येऊन मरायला लागली.

सिंगापूर घेतल्यावर जपान्यांनी तिथंही याच जातीची पलटण बसवली, तिचा नंबर ९४२०. तिथल्या स्थानिक पोरांना उंदरा-पिसवांच्या कामाला ठेवलं होतं. काय बनतंय ते त्यांना सांगितलं नव्हतं. या पोरांचा मी फार विचार करतो. आम्हीही होल्डमध्ये उतरतो तेव्हा पिंपात काय आहे ते इंग्रजीत लिहिलेलं असतं, नाहीतर लिहिलेलंच नसतं. १४ एप्रिल १९४४ ला, जयंतीच्या दिवशी, व्हिक्टोरिया डॉकमध्ये फोर्ट स्टिकिन बोट फुटली. त्या बोटीत कापसाच्या गासड्यांबरोबर शेकडो टन दारूगोळा होता.

आता ही प्लेगची विद्या जगाला कुणी शिकवली? इथून मी परळला येतो, आमच्या टेकडीपासून तासाभराच्या चालीवर.

सप्टेंबर १८९६ ला मांडवीत प्लेग सापडला. मांडवी म्हणजे गोदीला चिकटलेला भाग, धान्याची गोदामं, उंदीर, आणि गोदामावर झोपणारे हमाल. डॉक्टर व्हिएगस यांनी रोग ओळखला. शहर पळायला लागलं. नगरपालिकेने जबरदस्तीने माणसं हॉस्पिटलात न्यायचा हुकूम काढला. पण लवकरच हुकूम सैल करावा लागला. का? शहरातले हलालखोर, म्हणजे मैला उचलणारे आपले लोक, शहर सोडून जातील या भीतीने. इतिहासात ही गोष्ट एका ओळीत उरकतात. मी ती दोनदा वाचली. सगळ्या मुंबईत सरकार ज्यांना घाबरलं ते हे लोक, ज्यांना कुणी शिवत नव्हतं.

पुढे १८९९ ला परळच्या जुन्या गव्हर्नमेंट हाऊसात प्लेगची प्रयोगशाळा आली. तिलाच १९२५ पासून हाफकिन इन्स्टिट्यूट म्हणतात. प्लेग पिसवांतून पसरतो असं सिमोंद नावाचा फ्रेंच डॉक्टर १८९८ ला कराचीहून सांगत होता, त्याला लोक हसले. मुंबईत लिस्टन आणि नंतर १९०५ पासून प्लेग कमिशनने ते सिद्ध केलं. प्लेगच्या घरात गिनिपिग सोडायचे आणि त्यांच्या अंगावर किती पिसवा चढल्या ते मोजायचं. पिसवेची उडी चार इंचांची. पिंजरा त्याहून उंच टांगला की जनावर वाचतं, खाली ठेवला की मरतं. इतकं सोपं आणि इतकं मोठं. परळने हे माणसं वाचवायला शोधलं. पिंगफांगने तेच उलटं फिरवलं, पिसवा मारायच्या ऐवजी किलोकिलोने वाढवल्या.

परळचाच आणखी एक धागा आहे. डॉक्टर द्वारकानाथ कोटणीस सोलापूरचे. परळच्या जी. एस. मेडिकल कॉलेजात शिकले. सप्टेंबर १९३८ ला मुंबई बंदरातून बोटीने पाच हिंदी डॉक्टर चीनला गेले, त्यातले ते एक. उत्तर चीनमध्ये जपान्यांशी लढणाऱ्या सैन्याची माणसं शिवत राहिले आणि ९ डिसेंबर १९४२ ला तिथंच वारले, वय ३२. शांतारामबापूंनी परळच्याच राजकमलमध्ये १९४६ ला त्यांच्यावर पिक्चर काढला. पिक्चरात त्यांची झुंज प्लेगशी आहे. प्रत्यक्षात ते फेफऱ्याने गेले. पण बघा, एकाच वर्षांत, एकाच देशात, एका बाजूला डॉक्टर फाटलेला माणूस शिवतोय आणि दुसऱ्या बाजूला डॉक्टर धडधाकट माणूस फाडतोय. पुस्तकं दोघांची जवळपास तीच असणार. म्हणून शिक्षणाने माणूस सुधारतो हे मला कुणी शिकवायला येऊ नये.

आणि एक खुनाची गोष्ट सांगतो, मग पुढे जातो. बंगालकडच्या पाकुडच्या जमीनदार घराण्यात दोन सावत्र भाऊ. थोरल्याला धाकट्याचा वाटा पाहिजे होता. त्याने तारानाथ भट्टाचार्य नावाचा डॉक्टर धरला. हा डॉक्टर प्लेगचे जंतू मिळवायला मुंबईत आला. हाफकिनने दाद दिली नाही, तेव्हा आर्थर रोडच्या साथीच्या रोगांच्या हॉस्पिटलात शिरकाव करून त्याने उंदरांवर जंतू तपासून घेतले. २६ नोव्हेंबर १९३३ ला हावडा स्टेशनच्या गर्दीत धाकट्याच्या दंडाला कुणीतरी टोचलं. ४ डिसेंबरला तो प्लेगने मेला. या केसमध्ये पोलीस मुंबईपर्यंत आले, हॉटेलची रजिस्टरं चाळली, खालच्या कोर्टाने दोघांना फाशी दिली, हायकोर्टाने ती काळ्या पाण्यावर आणली. एका माणसाला प्लेग टोचला तर एवढं झालं. माणूस जमीनदाराचा मुलगा होता.

पिंगफांगच्या तीन हजारांचं काय झालं?

ऑगस्ट १९४५ ला रशियन सैन्य येतंय म्हटल्यावर तुरुंगातले उरलेले सगळे मारले, इमारती सुरुंगाने उडवल्या, आणि डॉक्टर लोक रेल्वेत बसून घरी गेले. मग अमेरिकेचे अधिकारी आले. त्यांनी बेड्या आणल्या नाहीत, वह्या मागितल्या. सौदा झाला. तुम्ही आकडे द्या, आम्ही खटला घालणार नाही. अमेरिकेच्या एका शास्त्रज्ञाने १९४७ च्या डिसेंबरातल्या अहवालात हिशोबही लिहिलाय. ही माहिती आम्हाला अडीच लाख येनात पडली, आपल्याकडे माणसांवर असले प्रयोग करायला मन धजत नाही, तेव्हा सौदा स्वस्तच झाला, असा त्याचा सूर. वाचलंत? मन धजत नाही, पण माल घ्यायला हात धजतो. आमच्या डॉकवर याला चोरीचा माल घेणं म्हणतात आणि घेणाऱ्यालाही आत टाकतात.

त्याच १९४७ ला जर्मनीत न्यूरेंबर्गला हिटलरच्या डॉक्टरांवर निकाल लागला. २३ आरोपी, सातजण फासावर. प्रयोगाला माणसाची स्वतःची संमती पाहिजे, हा नियम जगाने तिथं लिहिला. टोकियोतही खटला चालू होता, त्या न्यायासनावर आपल्याकडचे न्यायमूर्ती राधाबिनोद पालही होते. तिथं पिंगफांगचा हिशोब कुणी मांडलाच नाही. रशियाने १२ जणांना शिक्षा दिल्या, त्यातलेही बहुतेक १९५६ पर्यंत सुटून परत. इशी १९५९ ला आजारपणाने बिछान्यात मेला. हात गोठवणारा योशिमुरा मेडिकल कॉलेजचा मुख्य झाला. नाइतो नावाच्याने १९५० ला रक्तपेढीची कंपनी काढली, तीच पुढे ग्रीन क्रॉस. १९८० नंतर त्याच कंपनीच्या न तापवलेल्या रक्तद्रव्यातून जपानच्याच रोग्यांना एड्सची लागण झाली. वही एकदा उघडली की ती परक्या माणसापाशी थांबत नाही, घरच्यांनाही लावते.

२००२ ला टोकियोच्या कोर्टाने चिनी लोकांच्या दाव्यात मान्य केलं की होय, जंतू टाकले होते. नुकसानभरपाई मात्र नाही. २०१८ ला जपानच्या सरकारी दप्तरखान्याने पलटणीच्या माणसांची यादी बाहेर दिली, नावापत्त्यासकट, ३६०७ जण. मारणाऱ्यांची नावं मिळाली. ओंडक्यांची तशी यादी निघाली नाही.

इथपर्यंत सगळ्यांचं एकमत होईल. आता आपल्या घरात येऊ. इथून पुढे काही लोक माझ्यावर चिडतील, चिडू देत.

हाफकिनने प्लेगची लस मुंबईत तयार केली, भायखळ्याला ग्रँट मेडिकल कॉलेजातल्या एका खोलीत. १० जानेवारी १८९७ ला त्याने पहिली सुई स्वतःला टोचून घेतली. नेहमीपेक्षा मोठा डोस. या माणसाला माझा सलाम आहे, सांगून ठेवतो. इशीने स्वतःच्या दंडाला प्लेग टोचला नव्हता. पण हाफकिनची दुसरी पायरी कुठली? भायखळ्याचा तुरुंग. जानेवारीच्या अखेरीस तिथं प्लेग शिरला. दीडशेच्या आसपास कैद्यांना टोचलं, त्याहून थोडे जास्त न टोचलेले. न टोचलेल्यांत १२ जणांना प्लेग, ६ मेले. टोचलेल्यांत दोघांना, मेला कुणी नाही. लस चालते हे तुरुंगाने सिद्ध केलं. पुढच्या वर्षी उमरखाडीच्या तुरुंगात रांगेत एकाआड एक टोचले. त्याच १८९८ ला बडोदा संस्थानात उंढेरा गावी घराघरांतले अर्धे टोचले आणि अर्धे ठेवले. एकाच चुलीवर जेवणारी माणसं. टोचलेल्या ७१ जणांत ८ आजारी, ३ मेले. न टोचलेल्या ६४ जणांत २७ आजारी आणि २६ मेले.

कैदी राजीखुशीने पुढे आले असं कागद सांगतात. असतीलही. प्लेग बराकीत शिरलाय, दाराला कुलूप आहे, आणि गोरा साहेब सुई घेऊन उभा आहे. या राजीखुशीची किंमत काय ते तुम्हीच ठरवा. लसीने पुढे लाखो वाचले हे खरं. त्या रांगेतल्या ‘एकाआड एक’मधला सुटलेला एक कोण होता, तेही खरं असायला पाहिजे. त्याचा पुतळा परळला नाही.

हे मी जपान्यांच्या पंगतीला बसवत नाही. हाफकिनला इशी म्हणणारा मूर्ख आहे. पण यादी बघा. तुरुंग. गाव. पुढे शिपाई.

शिपाई म्हणजे रावळपिंडी. १९३० च्या सुमाराला इंग्लंडच्या पोर्टन डाऊन या विषारी वायूच्या कारखान्यातले शास्त्रज्ञ रावळपिंडीच्या छावणीत आले आणि दहा वर्षांहून जास्त काळ राहिले. त्यांनी शेकडो हिंदी शिपायांना वायूच्या कोठडीत नेऊन मस्टर्ड गॅस दिला. काहींच्या अंगावर नुसती चड्डी आणि सुती शर्ट. कशासाठी? गोऱ्या कातडीपेक्षा हिंदी कातडी जास्त भाजते की कमी, आणि लढाईत माणूस पाडायला किती गॅस लागतो, ते मोजायला. डोळे भाजले, जांघा भाजल्या, माणसं हॉस्पिटलात पडली. हे सगळं लंडनच्या दप्तरखान्यात पडून होतं, २००७ ला तिथल्या वर्तमानपत्राने बाहेर काढलं. हिटलरशी आणि जपानशी माणुसकीसाठी लढणारं हे राज्य! आमच्या कातडीचा त्यांना एवढा अभ्यास. गावात आमच्या सावलीचा अभ्यास होता, छावणीत कातडीचा.

तिकडे डिसेंबर १९४३ ला इटलीत बारी बंदरात जॉन हार्वी नावाची बोट जर्मन बॉम्बने बुडाली. तिच्या पोटात मस्टर्ड गॅसचे दोन हजार बॉम्ब होते आणि ते गुपित होतं. पाण्यातून काढलेल्या माणसांच्या अंगावर फोड येत होते आणि हॉस्पिटलातल्या डॉक्टरांना कारण माहीत नव्हतं. होल्डमध्ये उतरणारा माणूस ही गोष्ट विसरत नाही.

ते इंग्रजांचं राज्य होतं, म्हणाल. बरं. मग १९९८ घ्या. स्वातंत्र्याला ५१ वर्षं. पुन्हा परळ.

टाटा मेमोरियलने मुंबईच्या झोपडपट्ट्यांत एक मोठा अभ्यास सुरू केला, पैसा अमेरिकेच्या सरकारी कॅन्सर संस्थेचा. ३५ ते ६४ वयाच्या दीड लाखावर बायका, २० वस्त्या. गर्भाशयाच्या तोंडाचा कॅन्सर लवकर ओळखायला व्हिनेगर लावून नुसत्या डोळ्यांनी बघायचं, इतकी स्वस्त पद्धत. तपासणाऱ्या बायका कोण, तर दहावी झालेल्या, शिकवून तयार केलेल्या. माझ्याएवढ्याच शिकलेल्या पोरी! मला याचा अभिमान वाटला, खोटं कशाला बोलू. ७५,३६० बायकांना दर दोन वर्षांनी तपासलं. ७६,१७८ बायकांना सुरुवातीला एकदा माहिती सांगितली आणि नंतर तपासलं नाही, फक्त नोंद ठेवली. २०१३ ला निकाल जाहीर झाला. तपासलेल्यांत या कॅन्सरने मरणं ३१ टक्क्यांनी कमी.

आता ३१ टक्के ज्यांच्याशी तुलना करून निघाले त्या कोण? त्या वस्तीतल्या दुसऱ्या बायका. श्रीमंत देशांत तपासणीने हा कॅन्सर रोखता येतो हे कित्येक दशकं माहीत होतं. असेच अभ्यास उस्मानाबादला, म्हणजे आताच्या धाराशिवला, आणि तामिळनाडूत दिंडीगलला झाले. तिन्ही मिळून न तपासलेल्या गटांत २५४ बायका या कॅन्सरने गेल्या. एका अमेरिकी डॉक्टरने तिकडच्या सरकारकडे तक्रार केली, संमती घेताना या बायकांना सगळं सांगितलं होतं का यावर वाद झाला. अभ्यास करणाऱ्यांची बाजूही सांगतो, लपवत नाही. ते म्हणाले, भारतात तेव्हा अशी तपासणी कुठेच चालू नव्हती, इथली चालू सोय म्हणजे ‘काहीच नाही’, तेव्हा आम्ही कुणाचं काही काढून घेतलं नाही. ज्यांना कॅन्सर निघाला त्यांना उपचार दिले. अभ्यास संपल्यावर उरलेल्यांना तपासणी देऊ केली.

मी या डॉक्टरांना खुनी म्हणत नाही. त्यांच्यातल्या पुष्कळांनी गरिबांसाठीच जन्म घातलाय. माझं भांडण त्या ‘काहीच नाही’शी आहे. वस्तीत काहीच नाही हे कुणी केलं? नळ नाही, संडास नाही, डॉक्टर नाही, ही व्यवस्था आधी करायची आणि मग त्या नाहीपणालाच मोजपट्टी म्हणून धरायचं. मलबार हिलच्या ७६ हजार बायकांना असं नुसतं नोंदवून ठेवलं असतं का? त्यांची तपासणी त्यांचा घरचा डॉक्टर करतो, म्हणून त्या या अभ्यासाला ‘योग्य’ नाहीत. योग्य आपण. योग्यतेची परीक्षा आपण जन्मताच पास होतो.

आणि आता आमच्या घरातलं.

माझा चुलताही डॉकवर. दोन वर्षांपूर्वी होल्डमध्ये एका गोणीची शिवण उसवली, पांढरी पूड हातांवर सांडली. काय होतं ते आजपर्यंत कळलेलं नाही. रात्री हात सुजले, पाण्याने भरलेले फोड आले. आठवडाभराने कातडी सोलून निघायला लागली. एका मोठ्या हॉस्पिटलात नेलं, नाव सांगत नाही. तीन फेऱ्यांनंतर एका तरुण डॉक्टरने गोड बोलून बाजूला बसवलं. म्हणाला, नवीन मलम आहे, यात आलात तर औषध फुकट, तपासणी फुकट, येण्याजाण्याचा खर्च मिळेल. चुलता म्हणाला, ‘फुकट हाय तर घे की रं.’ समोर आठ पानी फॉर्म. इंग्रजी. चुलता अंगठेबहाद्दर, मी मॅट्रिक. मी बोट ठेवून वाचत गेलो. जागोजागी ‘सब्जेक्ट’. शाळेत मी सब्जेक्ट म्हणजे विषय शिकलो होतो. मराठी, भूगोल, गणित. इथं सब्जेक्ट म्हणजे माझा चुलता.

मी विचारलं, मराठीत नाही का? तो म्हणाला, आहे, पण आत्ता संपलेत. मी विचारलं, सगळ्यांना हेच मलम मिळणार? तो जरा थांबला. मग म्हणाला, अर्ध्यांना. कुणाला कुठलं ते आम्हालाही माहीत नसतं. यात लबाडी नाही, पद्धतच तशी असते, मला नंतर कळलं. नियमसुद्धा वाचला नंतर. २०१९ चे नियम आहेत. समजेल त्या भाषेत सांगायला पाहिजे, प्रत हातात द्यायला पाहिजे, आणि माणूस अंगठा करणारा असेल तर तटस्थ साक्षीदार पाहिजे. साक्षीदाराच्या जागी त्याने माझी सही घेतली. मी तटस्थ!

केली सही. हात सोललेला माणूस शेजारी बसलाय, बाहेरच्या दुकानात ट्यूबला साडेतीनशे पडतात, रोजी बुडतेय. भायखळ्याच्या बराकीतल्या राजीखुशीबद्दल वर लिहिलं ते या सहीवरून लिहिलं.

चार महिने गेलो. दर वेळी फोटो काढायचे, फक्त हातांचा, चेहरा नको. मग एके दिवशी सांगितलं, अभ्यास बंद झाला, आता यायची गरज नाही. निकाल काय लागला? ते कळवतील. कुणी कळवलं नाही. मी दोनदा गेलो, तो डॉक्टर बदलून गेला होता, दुसऱ्याला काही माहीत नव्हतं. चुलत्याचे हात बरे झालेत, थंडीत तळव्याला भेगा पडतात. तो अजून डॉकवर येतो. जेवणाच्या सुट्टीत मध्येच हात पुढे करून विचारतो, ‘तुला काय वाटतं रं, औषध व्हतं का नुसतं व्हॅसलीन?’

फॉर्मची प्रत मी हट्टाने मागून घेतली होती. पत्र्याच्या पेटीत आहे, जयंतीच्या पावत्यांखाली. परवा रात्री कविता फाडल्यावर काढून बघितली. आत चुलत्याचा अंगठा आहे, खाली माझी सही आहे. वरच्या कोपऱ्यात चार आकडी नंबर, आणि नावाच्या जागी इंग्रजीत तीन अक्षरं.